अळिसु, उळिसु

अक्का, रविवारी मी आनेकलला मावशीकडे गेले होते, एक शब्द वाचून घ्यायला. दोन फोन पर्समध्ये घालून, इलेक्ट्रॉनिक सिटीच्या पुलाखाली बसची वाट बघत अर्धा तास उभी राहून, एका शब्दासाठी. तू असतीस तर आधी पोट धरून हसली असतीस आणि मग म्हणाली असतीस, "एवढं इंजिनिअर होऊन काय केलंस गं?" तुला जाऊन नऊ वर्षं झाली, तरी हा प्रश्न तुझ्याच आवाजात ऐकू येतो. तुला आई म्हणायचं मला कुणी शिकवलंच नाही. मावशी अक्का म्हणायची, गल्ली अक्का म्हणायची, म्हणून मीही अक्काच म्हणत राहिले. ऑफिसातल्या पुण्याच्या मुली अजून विचारतात, अक्का म्हणजे तुझी मोठी बहीण ना? मी हो म्हणून मोकळी होते.

आपल्या घरची तऱ्हाच उफराटी. पूर्वज इथे, कन्नड मुलुखात, येऊन शेकडो वर्षं झाली, तरी चुलीपाशी मराठीच बोलायची, आणि लिहायची वेळ आली की कन्नड अक्षरं काढायची. यशवंतपूरच्या घरात फ्रीजवर तुझ्या याद्या लावलेल्या असत. त्यात शेंगदाणे, कोथमीर, अंगाचा साबण, सगळे मराठी शब्द आणि सगळी अक्षरं गोल गरगरीत कन्नड. मला त्या वाचता यायच्या नाहीत. मी केंद्रीय शाळेतली, हिंदी-इंग्रजीवाली. कन्नड मला बसच्या पाटीपुरतं येत होतं, तेही एकेक अक्षर लावून, आणि तोवर बस निघून जायची. यादी मी तशीच दुकानदाराच्या हातात द्यायची आणि तो मराठी शब्द कन्नड थाटात मोठ्यांदा वाचायचा. तुला देवनागरीतलं अक्षर कळत नव्हतं. पुण्याच्या हॉस्टेलवरून मी तुला चार पानी पत्र पाठवलं होतं, ते तू मागच्या गल्लीतल्या जोशीणबाईंकडून वाचून घेतलंस. सुट्टीत घरी आले तर जोशीणबाईंनी जिन्यातच विचारलं, "काय गं, मेसचं जेवण अजून तसंच का?" मला इतकी लाज वाटली की पुन्हा पत्र लिहिलं नाही. हे त्यानंतरचं पहिलंच.

टेलिफोनच्या कारखान्यातून तू निवृत्त झालीस आणि रिकाम्या हातांचं काय करायचं हे तुला कळेना. तीस वर्षं तारांना डाग देऊन देऊन तुझ्या अंगठ्यांची कातडी जाड झाली होती. मी तुला एक साधा अँड्रॉइड फोन आणून दिला, आणि त्यावर मावशीनं तो शेतीचा खेळ घालून दिला. वाफे करायचे, पेरायचं, पाणी द्यायचं, शेजाऱ्याच्या शेताला भेट द्यायची. खेळ कन्नडमधून खेळता यायचा, म्हणून तुला फारच आवडला. तू त्याला 'माझं ऊर' म्हणायचीस. ऊर म्हणजे गाव, हे मला ऑफिसात समजावून सांगावं लागायचं, कारण त्यांच्या मराठीत ऊर म्हणजे छाती. पहिले काही महिने मी तुझी टिंगल केली. मग एकदा तुझ्या खांद्यावरून पाहिलं आणि गप्प झाले. तू त्यात तुमचं आनेकलचं शेत मांडत होतीस. नाचणीचे पट्टे, मधे विहीर, विहिरीच्या डावीकडे चिंच, बांधावर दोन फणस. खऱ्या शेतावर केव्हाच कारखान्याची शेड उभी राहिली आहे. खेळात चिंचेचं झाड मिळेना म्हणून तू कितीतरी आठवडे थांबलीस, मिळाल्यावर मला ऑफिसात फोन केलास. मी मीटिंगमध्ये होते. "चिंच आली" एवढंच म्हणालीस आणि ठेवलास. तुझी शेजारीण म्हणून मीही एक शेत काढलं होतं, तुझ्या समाधानासाठी.

आता तो शनिवार. मी नवा फोन घेतला होता आणि माझा जुना, तू ज्याला सफरचंदाचा फोन म्हणायचीस तो, तुला द्यायला आणला होता. तुझ्या फोनची बॅटरी दुपारपर्यंतसुद्धा टिकत नव्हती. तू स्वयंपाकघरात जमिनीवर बसून अवरेच्या, म्हणजे पावट्याच्या, शेंगा सोलते आहेस. हात थांबत नाहीत, पण नजर माझ्या हातातल्या फोनवर आहे. "माझं ऊर त्याच्यात येतं का?" तू विचारतेस. मी म्हणते, "पाच मिनिटांचं काम आहे." फोनची जातच वेगळी, अँड्रॉइडवरचं सफरचंदवाल्यावर न्यायचं, तर आधी तुझ्या जुन्या फोनवर खातं जोडायचं, मग या, तुला नव्या, फोनवर त्याच खात्यानं आत शिरायचं. हे मी रोज लोकांना शिकवते. मी आत शिरते. तुझ्यासाठी रिकाम्या केलेल्या त्या फोनवर मी सकाळीच खेळ उघडून बघितला होता, त्यामुळे तिथे एक कोरं शेत आधीच तयार झालं होतं. आता एक चौकट येते. त्यातल्या लांबलचक कन्नड ओळी मी वाचत नाही. एवढंच कळतं की खात्यावर एक जुनं शेत आहे आणि त्याचं काय करू असं ती विचारते आहे. खाली दोन बटणं. एकेक अक्षर लावून वाचते, अळिसु आणि उळिसु.

"दे गं, मी वाचते," तू म्हणतेस आणि शेंगांचे हात पदराला पुसतेस.

"स्वल्प थांब अक्का, कळतं मला."

मला काय कळलं ते आज सांगते. अळिसु वाचल्यावर मला झाडाचं आळं आठवलं. झाडाभोवती माती ओढून आळं करतात, पाणी धरून ठेवतात, म्हणजे जपण्याचाच काहीतरी शब्द असणार. उळिसु मला उसवणं, उलटणं यांच्या जातीचा वाटला. कन्नड शब्दाला मी मराठी कान लावला. लहानपणी तू मला एकदा कारखान्यात नेलं होतंस, कुठल्याशा सणाला घरच्यांना आत सोडत होते. मी फळीवरच्या तारेला बोट लावलं तर तू सगळ्यांसमोर माझ्या हातावर चापट मारलीस आणि म्हणालीस, "आधी वाच, मग हात लाव." ते वाक्य मला आठवायला हवं होतं. मी अळिसु दाबलं. चौकटीनं पुन्हा विचारलं, नक्की? मी हौदु दाबलं. हो म्हणायचं कन्नड मला येत होतं.

कोरं शेत आलं. कोपऱ्यात मोडकी झोपडी आणि शिकवण्यासाठी खेळानंच लावलेलं एक रोप. मी जुना फोन उचलला तर तिथेही तेच. विहीर नाही, चिंच नाही. मला घाम फुटला, आणि घाम फुटला की मी आवाज चढवते हे तुला ठाऊकच आहे. मी म्हणाले, "तू मधेच जुन्या फोनवर काही दाबलंस का?" आपल्या अंगठ्याकडे पाहिलंस. मग म्हणालीस, "दाबलं असेल गं. माझी बोटं जाड." आणि सूप पुढे ओढून पुन्हा शेंगा सोलायला लागलीस. मी तुझी समजूत काढली, अक्का. चूक माझी आणि समजूत मी तुझी काढत होते. आपण परत लावू सगळं, असं म्हणाले. तू म्हणालीस, "बेडा. परत पहिल्यापासून कोण नांगरणार?" नको म्हणताना तू नेहमी कन्नडमध्ये शिरायचीस, म्हणजे आपल्याला पुढे बोलता येत नसे.

त्यानंतर तू खेळ उघडला नाहीस. पण भाजी चिरताना, केस विंचरताना मधेच सांगायचीस, चिंच विहिरीच्या डावीकडे होती. फणस दोन होते, एक बांधाच्या आत, एक बाहेर. बाहेरचा शेजाऱ्यांचा असं आमचे वडील, अप्पा, म्हणायचे, पण फणस आम्हीच खायचो. मी हं हं करत फोनमध्ये बघत असे. सहा महिन्यांनी तू गेलीस. आणि नऊ वर्षं, अक्का, तो खेळ मला तुझ्या नावानं हाक मारतो आहे. मी कॅबमध्ये असते, मीटिंगमध्ये असते, दातांच्या डॉक्टरकडे तोंड उघडून बसलेली असते, आणि फोन थरथरतो. तुमच्या शेजारणीचं रोप सुकतं आहे, पाणी द्या. कन्नडमध्ये. एवढ्या वर्षांत हे एक वाक्य मला न अडखळता वाचता यायला लागलं आहे. मी तुझ्या शेतावर जाते, पाणी देते, रोप क्षणभर हिरवं होतं. दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. बंद करायचं बटण कुठे आहे हे मला माहीत आहे. माझं धाडस होत नाही.

आता माझाही सफरचंदवाला फोन थकला. खेळाची नवी आवृत्ती त्यावर चालेना, आणि मी अँड्रॉइड घेतला. माझं शेत हलवलं नाही तर शेजारचं तुझं रोपही दिसेनासं होणार. खातं जोडलं, नव्या फोनवर आत शिरले, आणि तीच चौकट समोर आली, तीच दोन बटणं. या वेळी मला अर्थ माहीत होता, त्या शनिवारनंतर मी शंभरदा शोधून पाहिला होता. तरी अंगठा खाली जाईना. कुणीतरी शेजारी बसून मोठ्यांदा वाचायला हवं होतं, आणि ते वाचायला आता एक मावशीच उरली आहे.

मावशीनं चष्मा लावला, फोन लांब धरला आणि बोट ठेवत वाचलं. "हे बघ, अळिसु म्हणजे पुसून टाक. उळिसु म्हणजे राहू दे. अ आणि उ, एवढाच फरक." मग माझ्याकडे न बघता म्हणाली, "अक्कानं मला सांगितलेलं."

मी विचारलं, "काय सांगितलेलं?"

"पोरीनं अ दाबला म्हणून. ती तिथेच बसली होती ना, बघत होती. ओरडायच्या आत तू दोनदा दाबलंस." मावशीनं फोन माझ्या मांडीवर ठेवला. "मी म्हटलं, मग तिला सांग ना. तर म्हणाली, बेडा, सांगू नकोस. एवढी शिकलेली पोर, तिला लाज वाटेल. माझ्या बोटांवर जाऊ दे."

मी मावशीच्या ओट्यावर बसून रडले. मावशीनं कॉफी आणून ठेवली आणि म्हणाली, "सरी, बरं, आता दाब. थंड होते." कॉफी की माझा जीव, कुणास ठाऊक. मी उळिसु दाबलं. माझं शेत नव्या फोनवर आलं, आणि शेजारी तुझी मोडकी झोपडी, तुझं रोप, सुकलेलं. मी पाणी दिलं. मावशी वाकून बघत म्हणाली, "चिंच कुठे आहे?" मी म्हटलं, नाही.

म्हणजे तुला सगळं माहीत होतं असं समजून मी दोन दिवस हलकी झाले होते. पण सगळं नव्हतं, अक्का. त्या शनिवारनंतर मी गुपचूप खेळवाल्यांना लिहिलं होतं, आणि त्यांचं उत्तर आलं होतं. शेत महिनाभर राखून ठेवलं आहे, मालकाने तीन प्रश्नांची उत्तरं द्यावीत, आम्ही परत देऊ. विहिरीच्या डावीकडे कोणतं झाड आहे? बांधावर काय आहे आणि किती? शेवटचं पीक कोणतं पेरलं? खाली त्यांनी हेही लिहिलं होतं की शेत चुकून गेलेलं नाही, नव्या फोनवरून दोनदा विचारून पुसलेलं आहे. शेत परत आलं असतं तर तू विचारलं असतंस, कसं आलं, आणि कसं गेलं होतं. उत्तरं तू मला रोज भाजी चिरताना देत होतीस, न विचारता. मी हं हं करत होते आणि महिना जाऊ देत होते.

एवढं मावशीला सांगितलेलं नाही. तुलाही सांगितलं असं म्हणवत नाही. कारण या नऊ वर्षांत कन्नड मी अडखळत शिकले आहे, मावशीच्या शेजारी बसून सावकाश का होईना लिहिताही येतं, आणि तरी हे पत्र मी देवनागरीत लिहिलं आहे, आणि जोशीणबाईही आता नाहीत.