दुधात काय काय मोडतं

६ मार्च १९३९, आसेगाव

—आणि वाटी ओठाला लागल्यावर दौलतरावांना नवस आठवला. हात तसाच थांबला. वाटीत दही. त्यांनी माझ्याकडे पाहिलं.

'मास्तर, दह्याले दूध म्हन्ता येते काय?'

मी त्यांच्याकडे जेवतो. शाळेची खोलीही त्यांचीच. म्हणालो, दही म्हणजे दही. वाटी रिकामी झाली.

नवस कालचा. त्यांची सून पंचफुला हिचं पहिलं मूल माहेरी, जऊळक्याला, जन्मलं आणि गेलं. आता पुन्हा दिवस राहिलेत. म्हणून बाळंतपण या खेपेला इथेच करू, आणि सुखरूप सुटका होईपर्यंत आपण दुधाला शिवणार नाही, असं दौलतराव पोहरादेवीला भर गर्दीत बोलून आले. विचार घरी आल्यावर सुरू केला.

९ मार्च

तूप नवसातून सुटलं. कढवल्यावर दूध उरत नाही — हा निकाल माझा. ताकात पाणीच जास्त. खवा कोरडा, आणि दूध तर वाहतं! हे तत्त्व खुद्द दौलतरावांचं. चहाला दूध कुणीच म्हणत नाही.

उरलं निरसं दूध. ते त्यांना लहानपणापासून पचत नाही.

घरात दुभतं जनावर एकच. पंचफुलाची आंदणाची म्हैस. तिच्याशिवाय दुसऱ्या कुणाच्या हाताला पान्हा सोडत नाही. पंचफुलाला सातवा महिना लागलाय, तरी दोन्ही वेळा तीच धार काढते.

१२ मार्च

दौलतरावांचे मेहुणे जानराव अकोल्याहून आले. कुण्या साहेबाच्या बंगल्यावर कारकून आहेत. पिशवीतून डबा काढला — विलायती चीज! डब्यावर गायीचं चित्र. आत पिवळा गोळा, रबरासारखा. वास ओल्या जोड्याचा.

जानराव म्हणाले, हे दुधाचंच करतात.

दौलतरावांनी तुकडा तोंडात टाकला. बराच वेळ चावला. 'हे दूध असूच शकत नाही,' म्हणाले, आणि दुसरा घेतला.

१५ मार्च

दौलतरावांच्या बायकोला, सोजरबाईंना, धास्ती वाटू लागली आहे. नवऱ्याचं सगळंच चालू. देवी काय आंधळी आहे? घरात कुणीतरी नवस पाळलाच पाहिजे. जिच्या पोटासाठी नवस, तिनं पाळावा.

म्हणजे पंचफुलानं.

तिच्यापुरता हिशेब वेगळा. तिच्यासाठी दहीही दूधच. ताकही. तूप तर दुधाचा अर्कच. खोबऱ्याचं दूध — नावातच आलं, बंद. तिनं मंगरूळच्या दुकानातून वनस्पती तुपाचा डबा मागवला होता. झाडाच्या तेलाचं तूप, गाईम्हशीचा थेंब नाही. सोजरबाईंनी झाकण उघडून पाहिलं. दिसतं तुपासारखं, मग उगाच परीक्षा कशाला? तेही बंद.

तो डबा आता दिवाबत्तीच्या कामी आला. तिच्या भाकरीवर जवसाची चटणी आणि कच्चं तेल.

१९ मार्च

सुईण हिरीबाई येऊन गेली. पंचफुलाच्या पापण्या खाली ओढून पाहिल्या, नखं पाहिली, पायावर अंगठा दाबला. खळगा तसाच राहिला.

'पोरीच्या आंगात रगत नाही. दूध पाजा तिले, नाहीतर दोघंही हातचे जातीन.'

दौलतराव म्हणाले, घरात नवस आहे.

'कोनाचा?'

दौलतराव मिशीवरची साय पुसत होते. मी पंचांग चाळत होतो.

२० मार्च

सकाळी ओट्यावर बसलो होतो. पंचफुला धार काढून उठली, गोठ्याच्या खांबाला धरून. चरवी माझ्यापुढे धरली. वर अजून फेस होता.

'मास्तर, तुमी शिकेल मानूस. हे काय आहे?'

म्हणालो, दूध.

'बरं झालं. येवढं तरी दूध आहे म्हना.'

चरवी घरात गेली. संध्याकाळी मला खीर वाढली. मी खाल्ली.

२१ मार्च

पुन्हा खीर. दौलतरावांनी निकाल विचारला. तांदूळ जास्त आहे, म्हणालो.

२२ मार्च

हिरीबाईनं जऊळक्याला निरोप धाडला असावा. दिवस मावळताना रूपला गाडीवान आला — पंचफुलाच्या बापानं लेकीला न्यायला पाठवलेला. दौलतरावांनी त्याला भाकरी दिली, बैलांना कडबा दिला आणि सांगितलं, उद्या रिकामी गाडी परत ने. नवसात 'इथेच' हा शब्द आहे. शब्द म्हणजे शब्द.

यावर माझं मत विचारलं. मी पहिल्यांदाच म्हणालो, मला कळत नाही. ते जरा नाराज झाले.

पंचफुला दारात पदर ओढून उभी होती. आवाज चढला नाही.

'मामाजी, नवस तुमी बोलले. तो तुमच्यापाशी राहू द्या. माहं हाय ते मी नेतो.'

दौलतराव हसले. म्हणाले, दोन लुगडी आणि एक पेटी, नेऊन नेऊन काय नेशील!

२३ मार्च

सकाळी पंचफुला रूपलाच्या गाडीत बसून जऊळक्याला गेली. म्हैस गाडीमागे बांधली होती. घरात चहा कोरा झाला. नवस आजपासून लागू.