न जाता लागलेली हजेरी

शुक्रवार, दिवेलागण. धाड गाव.

आधी हे लिहून काढते. स्वयंपाक राहिला तर राहू दे.

गावातल्या शाळेचे सर दुपारी घरी आले. म्हणे, "ताई, चौदा वर्षांपर्यंत लेकराले शाळेत घालनं कायदाच हाय. घरी शिकवता येत नाही." स्वराला मी जूनपासून घरीच शिकवते, हे सगळ्या गल्लीला ठाऊक आहे. चार वर्गांना मिळून एकच सर, तिसरी संपली तरी पोरीला वाचता येत नव्हतं. आता ती रोज पेपर वाचून दाखवते. हा माझा गुन्हा?

पाणी प्यायला सरांनी हजेरीपट बाजेवर ठेवला, तेवढ्यात स्वराने तो उघडला. "आई, मी त रोज हजर हाय!" रोज. खिचडीच्या रकान्यातही बरोबरची खूण. म्हणजे जूनपासून माझी पोरगी तिथे खिचडी खातेय!

"सर, हे काय हो?"

आवाज खाली आणून म्हणाले, "पट कमी झाला तर शाळा बंद पडते, ताई. नाव राहू द्या. पोरगी नाही आली तरी चालते."

"खोडा तिचं नाव."

"मंग तिले शाळाबाह्य लिहा लागन."

न जाता हजर, अन् शिकून शाळाबाह्य! कायदा मला सांगता? ती खिचडी आठवली की अंगाची आग होते. मला नीट भांडताही का आलं नाही?

भांडली ती स्वराच. दारात सरांना अडवून म्हणाली, "सर, परवा मले ताप होता. त्या दिवशी तरी गैरहजर लिहा."