चौकटीच्या कडेला

बिशान, सिंगापूर
१८ ऑगस्ट २००६

प्रिय चैतू,

फोनवर हे सांगायला जमलं नसतं, म्हणून लिहितोय.

तिसरी फिल्म पूर्ण झाली. मोठी कंपनी नाही, आम्हीच पाचसहा मित्रांनी मिळून केलेली. इथल्या एका पेपरनं लिहिलंय, की माझ्या कॅमेऱ्यात माणसं काळोखातून उगवतात. मध्ये चेहरा, भोवती काहीच नाही. आमचा दिग्दर्शक विवेक म्हणतो, ही तुझी सहीच आहे. बँक सोडली तेव्हा बाबा महिनाभर बोलले नव्हते. त्यांना कात्रण पाठवलं.

जूनमध्ये हौगांगला एका रिकाम्या फ्लॅटमध्ये शूटिंग होतं. भर दुपार, पण पडदे ओढलेले. सुनेत्रा, आमची नटी, खिडकीजवळच्या खुर्चीत बसणार होती. मी कॅमेऱ्याला डोळा लावला. खुर्ची रिकामी. डोळा काढून पाहिलं, खोलीतही कुणी नाही. "सुनेत्रा कुठे गेली?" मी विचारलं. उत्तर कानापाशीच आलं, "सारंग, मी कधीची इथेच उभी आहे." वळलो तर आधी नुसता तिचा चेहरा दिसला. खाली धड नव्हतं.

मग हे होतच राहिलं. सेरंगूनच्या बाजारात मोकळ्या जागेतून कुणीतरी खांद्याला धडकायचं, सॉरी म्हणायचं आणि नाहीसं व्हायचं. घरी शुभदा शेजारी उभी राहून वाढायची, तर पोळी हवेतून पानात पडल्यासारखी वाटायची. तुझ्या वहिनीपासून मी हे लपवलं. प्रकाशमामा आठवायचा. दिवेलागणीनंतर तो उंबरा ओलांडायचा नाही. "बाजूला कुणीतरी असतं," म्हणायचा, आणि आई भावाची दृष्ट काढायची.

एकदा मी उघड्या कपाटाच्या दारावर कपाळ फोडून घेतलं, तेव्हा शुभदानंच मला डोळ्यांच्या डॉक्टरांकडे नेलं. माझी नजर कडांकडून विझत चाललीय. त्यावर औषध नाही. विवेक जिला सही म्हणतो, ती मी कधी ठरवून केलीच नव्हती. मला जग तसंच दिसत होतं. मधलं दिसतंय तोवर कॅमेरा सोडणार नाही. माझी काळजी करू नकोस.

पत्राचं कारण वेगळं आहे. डॉक्टर म्हणाले, आपल्या घरातला हा आजार आईकडून मुलाकडे येतो. आईला स्वतःला सहसा त्रास होत नाही. आधी मामा, मग मी. मागच्या महिन्यात तू हसत सांगितलंस, की निहार संध्याकाळी जिन्यात अडून बसतो आणि तू शेजारी असतानाही "आई, कुठेयस?" म्हणून हाका मारतो. तो नाटकं करत नाहीये, चैतू. त्याला रागावू नकोस. उद्याच त्याचे डोळे तपासून घे.

तुझाच,
सारंगदादा