नमुन्याचं जाकीट

प्रिय आई,

हे पत्र शेजारच्या काकूंकडून वाचून घेऊ नकोस. वेळ लागला तरी चालेल, पण तूच वाच. जोडाक्षरांपाशी तू अडतेस म्हणून अक्षर मोठं काढलं आहे आणि ओळींमध्ये जागा सोडली आहे. फोनवर मला हे बोलता येणार नाही. फोनवर तू आधी 'जेवलीस का' असं विचारतेस, आणि त्यानंतर माझ्या तोंडून पुढचं काही निघत नाही.

जेवते आहे. खोलीत ऊन येतं. खालच्या मजल्यावरची म्हातारी अजूनही मला 'फौजी' म्हणते आणि जिन्यात दिसले की खोटा सलाम ठोकते. तूही काही कमी नाहीस म्हणा. 'माझी मुलगी सैन्यात साहेबीण आहे' असं तू अख्ख्या गल्लीत सांगत फिरतेस. आई, मी साहेबीण नाही. बर्फातल्या चौक्यांवर जाणारे कपडे ज्या कोठारात येतात तिथे मी ते तपासते. वर जाणारा रस्ता थंडीत बंद होतो. त्याआधी ट्रकांनी जे वर जाईल, त्यावरच त्या लोकांनी हिवाळा काढायचा असतो. खाली राहिलेली चूक वर दुरुस्त होत नाही, कारण वर दुकान नसतं. हे वाक्य मला पहिल्या दिवशी कोठाराच्या मोठ्या साहेबांनीच सांगितलं होतं आणि माझ्या अंगावर काटा आला होता. आता ते वाक्य त्यांच्या तोंडून ऐकलं होतं हे आठवलं की शिसारी येते.

पहिल्याच दिवशी मी त्यांना हेही सांगितलं होतं, की जाकिटं पुरवणाऱ्या कंत्राटदाराच्या कारखान्यात माझी आई शिवणकाम करते, तेव्हा मला दुसरा माल तपासायला द्या. ते हसले. म्हणाले, "अरे वा, म्हणजे घरचाच माल! आईनं शिवायचं, लेकीनं तपासायचं." मला ते तेव्हा मोठं कौतुक वाटलं. तू शिवतेस, मी तपासते आणि वर कुणाचा तरी मुलगा ते घालून उभा राहतो, असं चित्र मी मनात कितीदा रंगवलं असेन! बी.ए. झालेली मुलगी इतकी बावळट असू शकते.

आमच्याकडे तपासायची पद्धत तुला सांगायला हवी, नाहीतर पुढचं कळणार नाही. प्रत्येक मालाचा एक मंजूर नमुना असतो. अगदी सुरुवातीला सैन्याचे अधिकारी एक जाकीट पसंत करतात, त्याच्या आतल्या पट्टीवर सही करतात, ते कापडी पिशवीत घालून पिशवीच्या दोरीवर लाखेची मोहोर उठवतात आणि काचेच्या कपाटात ठेवतात. नंतर येणारा सगळा माल त्या एका जाकिटासारखा असला पाहिजे. भांडण झालं की पिशवी फोडायची, नमुना टेबलावर ठेवायचा, शेजारी आलेला माल ठेवायचा आणि सगळ्यांसमोर ताडून बघायचं. नमुना म्हणेल ते खरं. माझ्यापेक्षा, साहेबांपेक्षा आणि कंत्राटदारापेक्षाही त्या जाकिटाचा शब्द मोठा. मला ही पद्धत फार आवडायची. तिथे कुणाची ओळख चालत नाही, असं वाटायचं.

वर माल नेणारा एक ट्रकवाला आहे. दाढी वाढलेला, मोठ्या आवाजाचा. त्याला इथे सगळे 'वरचा' म्हणतात. मागच्या खेपेहून आल्यावर तो माझ्या टेबलाशी येऊन म्हणाला, "बाई, तुमची जाकिटं वर पोचेपर्यंत बाळंतपणाला येतात हो." मला कळेना. त्यानं परत आलेलं एक जाकीट समोर टाकलं. खांद्यांवर नुसतं अस्तर आणि वरचं कापड, आत काहीच नाही. सगळं भरण घसरून खाली पोटाशी जमलेलं. खरंच पोटुशी बाई दिसावी तसं ते दिसत होतं. सगळे हसले, मीही हसले. मग तो हसू आवरून म्हणाला, की वरची पोरं खांद्यांत आणि पाठीत वर्तमानपत्रं कोंबतात. एकाला खाली आणावं लागलं. त्याच्या हाताचं पुढे काय झालं ते यानं सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही.

मग मी कोठारातल्या नव्या गठ्ठ्यांतलं एक जाकीट ओढून काढलं आणि कात्रीनं फाडलं. आई, आत लोकर नव्हती. दळून काढलेल्या चिंध्या होत्या. त्यात एक तुटकं बटण, केसांचा गुंता, कुणाच्या तरी पोराच्या मोज्याची टाच आणि रक्त सुकून तपकिरी झालेला पट्टीचा तुकडा. वास असा की ओल्या कुत्र्याला कपाटात कोंडून ठेवलं होतं की काय. हात साबणानं धुतले, पुन्हा धुतले, तरी डबा उघडला की तोच वास. त्या दिवशी मी डबा तसाच परत आणला.

मी अख्खा माल नाकारला. मला वाटलं होतं लोक म्हणतील बरं झालं वेळेत कळलं. काय म्हणाले ते ऐक. माझ्या शेजारी बसणारे तपासनीस, ज्यांना आम्ही सगळे काका म्हणतो, ते चहात बिस्किट बुडवत म्हणाले, "पोरी, जाकिटाच्या पोटात कशाला शिरतेस? बाहेरून टाके मोज, रंग बघ, सही कर. मी इतकी वर्षं तेच केलं, माझे केस बघ किती छान पिकलेत." पलीकडची टंकलेखन करणारी बाई म्हणाली, "हिचा कुणी असेल वर, त्याशिवाय का एवढा पुळका!" आणि ती बिस्किटं कुठून आली होती माहीत आहे? कंत्राटदाराकडून. डबाच आला होता. मी सोडून सगळ्यांनी खाल्ली. मी खाल्ली नाहीत यावरही हसले. मला राग येईल असं वाटलं होतं, पण राग नाही, किळस आली. रागाला समोर कुणीतरी वाईट माणूस लागतो. हे तर हसरे, पोराबाळांचे, एकमेकांच्या दुखण्याची चौकशी करणारे लोक आहेत, आणि त्यांच्या दातांत ते बिस्किट अडकलेलं असतं.

कंत्राटदारानं तक्रार केली, की बाई नवशिक्या आहेत, माल नमुन्याबरहुकूम आहे. साहेबांनी ताडून बघायचा दिवस ठरवला आणि मला हायसं वाटलं. काचेच्या कपाटातलं ते जाकीट माझ्या बाजूनं बोलणार याची मला खात्री होती. त्याच दिवसांत तुझा फोन आला होता, आठवतं? तू खुशीत होतीस. तुला यंत्रावरून उठवून खिडकीशी बसवलं, पाठ टेकायला खुर्ची दिली आणि खास एकच काम दिलं असं म्हणालीस. एक जुनं जाकीट आलं होतं, उघडलेलं, ते कॉलरखाली हातानं असं मिटवायचं की कुणाला कळू नये. "यंत्राचं काम नव्हे ते, ठमे, त्याला माझाच हात लागतो," असं म्हणालीस. मी म्हटलं, आई, आता तू पण साहेबीण. आपण दोघी केवढ्या हसलो.

ताडून बघायच्या दिवशी कंत्राटदार स्वतः आला. सुगंधी, स्वच्छ, नखं कापलेला माणूस. त्यानं मला 'ताई' म्हटलं. पिशवीवरची मोहोर शाबूत होती, पट्टीवरची सही खरी होती. नमुना टेबलावर आला, शेजारी नाकारलेलं जाकीट. दोन्ही चिमटीत धरली तर सारखीच लागत होती. काकांनी नमुन्याची शिवण थोडी उसवून बोट आत घातलं, चिमूटभर भरण काढलं आणि माझ्यासमोर ठेवलं. त्याच चिंध्या. तोच वास. खोलीत कुणीतरी खुदकन हसलं. कंत्राटदार म्हणाला, "ताई, डोळे तपासून घ्या. तरुण वयातच काळजी घेतलेली बरी."

माल बदलण्याऐवजी त्यांनी मापच बदललं होतं. खरं जाकीट, खरी सही, फक्त आतली लोकर काढून घाण भरलेली. मोहोर उठवायचा शिक्का साहेबांच्याच खणात असतो. हे सगळं मला तिथे उभ्या उभ्या कळलं, पण माझ्या हातात दाखवायला काहीच नव्हतं. मी ते जाकीट उचललं, कॉलर उलटी केली आणि तिथे तुझे टाके होते.

तू डावखुरी आहेस. तुझे टाके उलट्या अंगाला कलतात, आणि कोपऱ्यावर तू एक आडवा टाका घालून दोरा आत दडवतेस. माझ्या शाळेच्या प्रत्येक झग्याला ते होते. सगळ्या जगात मला डोळे मिटून ओळखू येईल असं एकच अक्षर आहे आणि ते तुझ्या सुईचं आहे. मी कॉलर सरळ केली, जाकीट खाली ठेवलं आणि मोरीत जाऊन ओकले.

बाहेर आले तर साहेब व्हरांड्यात उभे होते. त्यांनी मला पाणी दिलं. अगदी वडिलांसारखं म्हणाले, "तुमचा नोकरीत कायम झाल्याचा हुकूम माझ्या टेबलावर आहे. काही लिहायच्या आधी घरी आईशी बोला. आया काय काय करतात मुलांसाठी!" म्हणजे त्यांनी तुला काय सांगितलं असेल ते मला कळलं. पोरगी कटकटी आहे, तिला काढतील, एवढं एक जाकीट मिटवून दिलंस तर ती टिकेल. असंच ना? तू फसलीस, तुला काही माहीत नव्हतं, असं मी स्वतःला सांगून पाहिलं. नाही जमलं. चिमटीत धरून लोकर कोणती आणि चिंधी कोणती हे तुला कळतं. तुझ्या बोटांना ते कळलं होतं.

आणि खोलीवर आले तर पलंगावर ती उशी. 'लोकर चांगली होती, टाकवेना' एवढाच निरोप देऊन तू त्या फोननंतर पाठवलेली. मऊ, ऊबदार, तुझ्या जुन्या साडीचा अभ्रा. ती आल्यापासून मला इतकी छान झोप लागत होती. मी अभ्रा उसवला. पांढरी, स्वच्छ, लांब धाग्याची लोकर, नमुन्यातून काढलेली. वरची पोरं खांद्यांत वर्तमानपत्रं कोंबत होती आणि त्यांची लोकर माझ्या डोक्याखाली होती. आई, त्या क्षणी मला तुझी किळस आली. खोटं लिहिणार नाही. तुझी आली, मग माझ्या केसांची, माझ्या गालांची आली, जे त्या उशीवर टेकले होते. तू हे माझ्यासाठी केलंस हे कळल्यानं ती कमी झाली नाही, उलट वाढली. तुझ्या जिवावर मी शिकले, हे मी सगळ्यांना मान वर करून सांगते. हे मी कुणाला सांगायचं?

तेव्हापासून मी जमिनीवर झोपते. आणि आता पत्र का लिहिलं ते. कायम झाल्याचा हुकूम मी घेतला नाही, आणि साहेबांच्याही वरच्या कार्यालयाला सगळं लिहून कळवलं. सोमवारी तिथून चौकशीला एक बाई येणार आहेत. मी त्यांच्यापुढे उशी ठेवणार आहे, कॉलर उलटी करून दाखवणार आहे आणि हा हात माझ्या आईचा आहे असं सांगणार आहे. साहेब म्हणतील आई आणि मुलीनं मिळून केलं. म्हणू देत. पण ते जाकीट तुझ्याकडे कुणी आणलं, कोण काय म्हणालं, लोकर काढताना समोर कोण उभं होतं, हे फक्त तुला माहीत आहे. तू बोललीस तर वाट बंद व्हायच्या आत तो माल थांबेल. तुझी खुर्ची जाईल, कारखाना जाईल, माझी नोकरीही बहुतेक जाईल. मग तू इथे माझ्या खोलीत राहा, म्हातारी तुलाही सलाम करेल. सोमवारी सकाळची पहिली बस धरून ये, मी स्टँडवर उभी असेन. बस रिकामी होईपर्यंत थांबेन. तू उतरली नाहीस, तर तशीच कचेरीत जाऊन मी एकटी सांगेन, तुझ्या नावासकट. पण आई, उतर.

तुझीच,
ठमी