तुही कलम

११ मे २०२५

मेल्या! सहाच्या सहा काड्या मेल्या. खालून काळ्या, लिबलिबीत. उपटल्याबरोबर साल हातात आली. यूट्यूबवरचा माणूस म्हणतो कोरफडीचा गर लावा — लावला. सावलीत ठेवा — ठेवल्या. पण आमच्या नांदुरा गावात सावलीतही त्रेचाळीस डिग्री असतं हे त्याला कोण सांगणार!

चूक माझीही आहे. रोज सकाळी एकेक काडी उपसून मूळ आलं का बघते. चौतीस वर्षं मुलांच्या वह्या तपासल्या, जित्याची खोड जात नाही.

१३ मे

हा खटाटोप कशासाठी, ते एकदा लिहून ठेवते. शेजारचं घर विकलं गेलं. जाकीर आपलं गादीघर गुंडाळून देऊळगाव राजाला चाललाय, सासुरवाडीच्या गावी. त्याची आई — आमच्या इमामबी आपा — अर्थात सोबत. फेब्रुवारीत त्यांना लकवा मारला. उजवी बाजू गेली, बोलणं गेलं. जुलैत नवा मालक येणार, अंगणात दुकानाचे गाळे काढणार. म्हणजे आपांची जास्वंद जाणार. एवढं मोठं झाड, आता हलवून जगायचं नाही. फांदी लावून वाचली तर वाचली.

आपा गेल्यावर चार वाजताचा चहा मी कोणाबरोबर पिणार, ते लिहीत नाही. जास्वंदीचंच लिहिते.

१४ मे

नवी नवरी होते तेव्हा मीही एक लावली होती. हौसेनं, गणपतीसाठी. ९४ साली गणपतीतच हे गेले. कावीळ. मी जास्वंद मुळासकट उपटली, मोडली, भिरकावून दिली. कुठे पडली तेही पाहिलं नाही. दोन वर्षं देव्हारा उघडला नाही.

मग एका सकाळी मधल्या भिंतीवर स्टीलची वाटी. वाटीत पाच लाल फुलं. पलीकडून आपा — "आमच्या काय कामाची बाई? तुह्या गनपतीले घे." नाही म्हणवेना. फुलं आली म्हणून देव्हारा उघडला, नाहीतर कसला उघडते! तेव्हापासून आपांच्या आजारपणापर्यंत वाटी चुकली नाही. ईदलासुद्धा आधी फुलांची वाटी, मग शिरखुर्मा.

२२ मे

दुसऱ्या खेपेच्या काड्याही गेल्या. चिडून कुंडीला लाथ मारली. अंगठा सुजला.

२ जून

आपा बोलल्या! चार महिन्यांनी! माझा हात धरून — "तुही… कलम." मग पुन्हा, स्पष्ट — "तुही कलम." जाकीर धावत आला. "मावशी, तुमचा पेन मांगून राह्यली अम्मी! काही लिवायचं हाय तिले!" मी घरी पळाले. माझा तपासायचा लाल पेन आणला, वही आणली. आपांनी डाव्या हातात पेन घेतला, पाहिला आणि फेकला! थेट माठावर.

जाकीरचा चेहरा एवढासा झाला. बाहेर येऊन म्हणतो, "घर इकलं म्हनून नाराज हाय का हो ते? म्हनून लिवायचं असन का?" मी म्हटलं, नाही रे बाबा. पण मलाही दिवसभर तेच वाटत राहिलं.

३ जून

मूर्ख! मी मूर्ख! आपा जन्मभर अंगठा लावत आल्या, त्यांना पेन कशाला? कलम म्हणजे काडी! जास्वंदीची कलम! तुझी, म्हणजे तू घे, असं सांगतायत. चौतीस वर्षं मराठी शिकवली आणि एवढा शब्द कळू नये!

खाट अंगणात आणली. आपांनी डाव्या हाताच्या बोटानं फांदी दाखवली — कोवळी नाही, करडी झालेली, पेन्सिलीएवढी जाड. डोळ्याच्या, म्हणजे पान फुटतं त्या गाठीच्या, जरा खाली तिरपा काप. शेंड्याला कळी होती, ती खुडायला लावली. माझा हात धजेना, गणपतीची कळी! आपांनी डोळे वटारले. खुडली. दोन पानं ठेवली, बाकी काढली. अर्धी वाळू, अर्धी माती. घाईत मी एक काडी उलटीच खोचली, तर हातावर फाडकन चापट! जन्मभर कापूस पिंजलेला हात. चुरचुरला.

किती बरं वाटलं ती चापट खाऊन.

१० जून

उपसून पाहिली नाही.

११ जून

हात शिवशिवतो. पाहिली नाही!

२९ जून

चारपैकी दोन काड्यांना पालवी! भिंतीवरून ओरडून सांगितलं. आपा हसल्या, अर्ध्याच तोंडानं. पण हसल्या.

१४ जुलै

गेल्या. टेम्पोत पुढे बसवलं. एक कुंडी त्यांच्या मांडीवर, एक माझ्याकडे. निघताना त्यांनी ओढणीतून वाटी काढून माझ्या हातात दिली. तीच, स्टीलची. मी म्हटलं, "आपा, नीट राहा." चार वाजता सवयीनं दोन कप चहा टाकला. दोन्ही मीच प्यायले, आणि रडले.

२२ जुलै

आज झाड तोडलं. मी मुद्दाम बाजारात गेले. नको असलेली भाजी घेऊन आले.

२५ ऑगस्ट

माझ्या कुंडीत कळी! परवा चतुर्थी. नियमानं एवढ्या लहान झाडाची कळी खुडायला हवी. नाही खुडत. आपा इथे नाहीत मारायला.

२७ ऑगस्ट

उमललं! फोटो पाठवला, लगेच जाकीरचा व्हिडिओ कॉल. आपा मागून — "तुही कलम!" मी म्हटलं, "नाही हो आपा, तुमचीच." जाकीर हसायला लागला. "तुमचीच व्हय ते, मावशी! चौऱ्यान्नवले तुमी फेकली ना, माह्याच डोक्यावर पडली होती! अम्मीनं त्याचीच काडी लावली. मले म्हने, सांगू नोको तिले, लाजन ते."

मी नुसती रडत राहिले, तर आपांनी फोनमधूनच डावा हात उगारला — चापट!