धनेशच्या मरणाची पिठलं-भाकरी

पेण,
१२ जुलै, शनिवार

चिरंजीव धनेश,
आजीचे दोन्ही हात तुझ्या डोक्यावर. इकडे सगळी खुशाल. लंडनात गारठा असेल तर कान बांधत जा, शूटिंगला तेवढे सोड.

पत्र अशासाठी, की फोनवर बोललं तर तुझे आजोबा पलीकडून कान देतात. वर म्हणतात, माझा त्याच्याशी संबंध नाय.

आधी गंमत ऐक. तुझी बहीण प्रणिता रोह्याहून आली, तिने मोबाईलवर तुझी नवी मालिका दाखवली. तू दुकानदार, चोर येतो नि तुला गोळी घालतो. तेच गडब गावच्या कुणीतरी पाहिलं आणि एसटीत शेजारच्या शांतीला सांगितलं, मूर्तीवाल्या काळुरामचा नातू गेला. झालं. मयताच्या घरी चूल पेटत नाय म्हणून शांती पिठलं-भाकरी घेऊन दारात, पदर तोंडाला.

मी म्हटलं, "गो शांती, तो मरतच असतो. मागल्या वर्षी बुडाला होता."

"मग भाकऱ्या परत नेऊ?"

"आणल्यास त्या ठेव."

त्याच भाकऱ्या खात सगळ्यांनी तुझं मरण परत पाहिलं. आजोबांनीसुद्धा. तू मूर्तींचा कारखाना सोडून गेल्यापासून त्यांनी तुझं एक काम पाहिलं नव्हतं. पहिल्या मालिकेत खाटेमागे मुका उभा होतास ते नाय, टॅक्सीवाला झालास ते नाय, डॉक्टर झालास तेव्हा तर उठून गेले. या खेपेला म्हणाले, "परत लाव." मग म्हणाले, "पापणी हलली नाय. मेला तो चांगला मेला."

जन्मभर गणपतीचे डोळे आखलेला माणूस बोलतोय हे.

आता तू फोनवर विचारलंस ते. "आजी, परत येतो, कारखाना बघतो. इथं मला मोठं काम कोण देणार?" मी तेव्हा चटणी वाटायचं निमित्त केलं. आता सांगते, येऊ नको. गणपतीला ये, मोदक खा, जा.

प्रणिताने आजोबांच्या हाताचं तुझ्या कानावर घातलंय, मला ठाऊक हाय. तब्येत बरी हाय त्यांची, जेवतात, भांडतात. हात तेवढा कापतो. भाकरीचा तुकडा पिठल्यात नीट बुडत नाय, तर ब्रश कुठून धरवणार.

पण मूर्तींचे डोळे आखायचे थांबले नायत. लग्न होऊन आले तेव्हापासून मी उंदीर रंगवले, पितांबराचे काठ ओढले. डोळ्यांना कधी हात लावला नव्हता. आखाड लागला आणि त्यांनी ब्रश माझ्या हातात दिला, स्वतः भिंतीकडे तोंड करून बसले. पहिल्या मूर्तीचे डोळे झाले. त्यांनी वळून पाहिलं, खूप वेळ. मग दुसरी मूर्ती पुढे सरकवली.

तेव्हा इथली जागा भरली, बाळा. तुझी तिकडे हाय. बूड म्हणाले तर बूड, मर म्हणाले तर मर, पापणी हलवू नको. आजोबा बघतायत आता.

तुझी आजी,
सगुणा काळुराम, डोळ्यांची कारागीर