शांघायच्या लग्नातला मलिदा

हाउन्सलो, लंडन
रविवार, फेब्रुवारी १९७२

प्रिय बेनूकाका,

आज सकाळी मोझेसदादाने दगडवाल्याला फोन केला, म्हणून लगेच लिहायला बसलेय. हो, माझा तोच थोरला भाऊ, जो इतके महिने नाही म्हणत होता!

तुम्हाला जाऊन आता वर्ष होईल. कबरीवर दगड बसवायचाय. मी म्हटलं, नावाखाली ‘चित्रपट निर्माते, शांघाय’ असं कोरू या. दादा म्हणाला, “लेआ, दगडावर थापा नकोत. काका एअरपोर्टच्या पार्सल गोदामात होते, बस्स.” असा संताप आला मला!

पण चूक तुमचीही आहे हं, काका. रेवदंड्याचा मुलगा शांघायला जातो काय, मूकपट काढतो काय, आणि म्हातारपणी हीथ्रोला खोकी उचलतो काय! एखादा फोटो तरी आणायचात की नाही? “सगळं लढाईत जळलं,” म्हणून चहा ढवळत बसायचात. कोण विश्वास ठेवणार?

मी ठेवला. नटी रुसली की तुम्ही तिच्या आईला जेवायला बोलवायचात. शूटिंगला पाऊस आला की लेखकाला बसवून पावसाचाच प्रसंग लिहून घ्यायचात. थापाड्याला असलं सुचत नाही.

परवा सोहोतल्या एका फिल्म क्लबात जुना चिनी मूकपट होता. वीजकपातीत खेळ झाला हेच नशीब. दादाला मी अक्षरशः ओढत नेलं. दाढीवाल्या आयोजकाने आधीच जाहीर केलं, “प्रोड्यूसर अननोन.” बरं बाबा!

मग लग्नाचा प्रसंग आला. नवरानवरीसमोर मोठं ताट. पोह्यांचा ढीग, वर खोबरं, भोवती फळं. काका, मलिदा! एलियाहू हनाबी प्रेषिताचं नाव घेऊन आपण बेने इस्राएल ज्यू शुभकार्याला करतो, तोच! तुम्ही शूटिंगच्या मुहूर्ताला केलेला असणार, आणि सेटवरच्या कुणीतरी लग्नाचं जेवण समजून कॅमेऱ्यासमोर मांडला. तुम्ही तो तसाच ठेवलात? नटी तर चक्क खजूर खात होती!

माझ्याआधी दादाच ओरडला, “अगं, हा आपला मलिदा!” भर अंधारात, मराठीत. लोक शू शू करायला लागले, तरी हा उभाच. शांघायमध्ये मलिदा करणारा दुसरा निर्माता कुठून येणार हो? दिवे लागल्यावर त्याने आयोजकाला गाठलं. “दॅट प्रोड्यूसर वॉज माय अंकल.” मी तर केव्हाची रडत होते.

आयोजकाने तुमचं नाव नीट विचारून घेतलं. पुढच्या खेळाला छापणार म्हणाला.

आणि आज फोनवर दादा दगडवाल्याला काय सांगत होता, माहितेय? ‘चित्रपट निर्माते, शांघाय’ हे हिब्रूत आणि इंग्रजीत तर हवंच, पण चिनीतसुद्धा कोरा! तो बिचारा म्हणाला, मला चिनी येत नाही. येत नाही म्हणजे काय? मी सोहोतल्या चिनी हॉटेलवाल्याकडून अक्षरं मोठी लिहून आणते. आणि काका, शब्द देते, शेवटची रेघ बरोबर कोरली जाईपर्यंत मी त्या दगडवाल्याच्या मानगुटीवरून उठणार नाही.

तुमची,
लेआ